हातावर जपानी कोई मासा: डिझाइन बघून सांगा

कोथरूडकर_नि
डाव्या हातावर खांद्यापासून मनगटापर्यंत करायचं आहे. टॅटूवाल्याने दिलेल्या डिझाइनमध्ये कोई, चेरीची फुलं, मेपलची पानं आणि ड्रॅगन, सगळंच आहे. प्रत्येकाचा अर्थ चांगला आहे म्हणतो. करू का?

लाकूडठसा
इतक्यात नको! मी लाकडी ठशांची छपाई करते. १८२७च्या सुमारास कुनियोशी या जपानी चित्रकाराने ‘सुइकोदेन’ या मूळ चिनी कादंबरीतल्या बंडखोर वीरांची, अंगभर गोंदलेले दाखवून, ठसाचित्रं काढली, ती एदोत (आजच्या टोकियोत) तुफान गाजली आणि तशी चित्रं लोकांनी खरोखर अंगावर घेतली. आग विझवणाऱ्यांना तर ड्रॅगन फार प्रिय, कारण तो पाण्याचा धनी.

या कलेत ऋतू पाळतात. चेरी वसंतातली, लाल मेपल शरदातला. कोईबरोबर मेपल ही जुनी जोडी आहे, तीच ठेवा. सिंहाला पिओनीचं फूल, वाघाला बांबू, अशा जोड्या ठरलेल्या असतात. दंतकथेत धबधबा चढून गेलेला कोईच ड्रॅगन होतो. त्यामुळे तुमचा मासा अजून चढतोय की पोचलाय, ते आधी ठरवा. मी चढणाराच घेईन, त्यात ताकद दिसते.

आणि पार्श्वभूमी! लाटा, वाऱ्याचे पट्टे, ढग यांच्या काळ्या-करड्या छटांवरच सगळं चित्र तोललेलं असतं. ती नसेल तर हातावर सुटी स्टिकरं चिकटवल्यासारखं दिसेल. डिझाइन कागदावर सपाट बघू नका, हात वाकवून बघा. कोपराशी माशाचं तोंड आलं तर ते दुमडेल.

ओसाकावासी
इथे जपानमध्ये राहायचा विचार असेल तर हेही लक्षात घ्या. १८७२ ते १९४८ गोंदण्यावर बंदी होती, आणि याकुझाशी, म्हणजे इथल्या गुन्हेगारी टोळ्यांशी, जोडलेली ओळख अजून पुसलेली नाही. बऱ्याच गरम पाण्याच्या स्नानगृहांत टॅटू असलेल्यांना घेत नाहीत.

कोथरूडकर_नि
धन्यवाद. चेरी आणि ड्रॅगन काढतो. त्याऐवजी दंडावर फुदो म्योओ घेतला तर?

लाकूडठसा
फुदो म्हणजे बौद्ध परंपरेतला आपला अचल: हातात तलवार आणि पाश, मागे ज्वाळा. त्याला पूर्ण पाठ द्या, दंडावर कोंबू नका. हातावर कोई आणि मेपल पुरे. मनगटाच्या किती वर थांबायचं, ती कडाही पहिल्याच दिवशी आखून घ्या.