अपाची स्काउटांना फितूर म्हणणं मला मान्य नाही

माळरान
अमेरिकी लष्कराशी लढलेला चिरिकाहुआ अपाची योद्धा जेरोनिमो याचा विषय निघाला की आपल्याकडे एक मत हमखास ऐकू येतं: गोऱ्या फौजेला तो जन्मात सापडला नसता, त्याच्याच लोकांनी दगा दिला. सूर्याजी पिसाळ आपल्या डोक्यात इतका पक्का बसलाय की कुठलाही पराभव दिसला की आपण आधी फितूर शोधतो. अपाचींच्या बाबतीत हा शोध अन्यायाचा आहे, असं माझं ठाम मत आहे.

ज्यांना पार्श्वभूमी माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. १८६६ साली अमेरिकी काँग्रेसने लष्कराला इंडियन स्काउट, म्हणजे माग काढणारे मूळ रहिवासी, भरती करायची परवानगी दिली. अपाचीचा माग अपाचीच काढू शकतो हे जनरल जॉर्ज क्रुकने ओळखलं आणि १८७२-७३ च्या टोंटो खोऱ्यातल्या मोहिमेत या स्काउटांचा पुरेपूर वापर केला. १८८३ मध्ये तो मेक्सिकोतल्या सिएरा माद्रे डोंगरात शिरला तेव्हा त्याच्याबरोबर १९३ स्काउट होते, गोरे घोडेस्वार पन्नासही नव्हते. १८८६ च्या ऑगस्टमध्ये लेफ्टनंट गेटवुडला जेरोनिमोच्या तळापर्यंत नेलं तेही कायिता आणि मार्टिन या दोन चिरिकाहुआ अपाचींनी. ४ सप्टेंबरला स्केलेटन कॅन्यनमध्ये जेरोनिमो शरण आला.

आता प्रश्न असा, की दगा दिला म्हणजे कोणाला दिला? मेस्कालेरो, हिकारिया, लिपान, चिरिकाहुआ, ॲरिझोनातले पश्चिमी अपाची, हे सगळे एका राजाखाली कधीच नव्हते. राजधानी नव्हती, गादी नव्हती. नेमाने एकत्र राहणारी, एकत्र शिकार करणारी नात्यातली टोळी, एवढंच माणसाचं जग. क्रुकचे बरेचसे स्काउट व्हाइट माउंटन, म्हणजे पश्चिमी अपाचींतले होते. त्यांच्या लेखी चिरिकाहुआ हे शेजारी होते, तेही फारसे आवडते नव्हेत. १८८५ च्या अखेरीस चिरिकाहुआ नायक उल्झानाच्या टोळीने फोर्ट अपाचीजवळ याच व्हाइट माउंटन लोकांच्या वस्तीवर हल्ला करून बायकामुलंसुद्धा मारली. ज्याच्या घरातलं माणूस असं मेलं, त्याने उल्झानाचा माग काढला तर त्याला फितूर म्हणायचं?

आणि जेरोनिमोने स्वतःच्या लोकांना तरी कसं वागवलं? एप्रिल १८८२ मध्ये सान कार्लोसच्या राखीव जागेत शांतपणे राहणाऱ्या लोको या चिरिकाहुआ नायकाच्या लोकांना त्याच्या साथीदारांनी बंदुकीच्या धाकाने मेक्सिकोकडे नेलं. वाटेत कर्नल लोरेन्झो गार्सियाच्या फौजेने त्यांना गाठलं आणि ७८ जण मारले, त्यात बहुतेक बायका आणि पोरं. ती माणसं युद्धावर गेलीच नव्हती. त्यांना ओढून नेलं होतं.

सह्यकडा
लेख अभ्यासपूर्ण आहे, पण निष्कर्ष मला अजिबात पटला नाही.

टोळ्या वेगळ्या होत्या, मान्य. पण १८८० पर्यंत सगळ्यांवर एकच संकट होतं. जमीन जात होती, शिकार जात होती, आणि राखीव जागेत कोंडून शिधावाटपाच्या रांगेत उभं केलं जात होतं. आजोबा वेगवेगळ्या दऱ्यांत राहत होते म्हणून नातवांनी शत्रू ओळखायचाच नाही का? १८६१ मध्ये लेफ्टनंट बॅस्कमने चिरिकाहुआ नायक कोचीसला बोलणीसाठी तंबूत बोलावलं आणि त्याने न केलेल्या अपहरणाचा आळ घेऊन पकडायचा प्रयत्न केला. कोचीस तंबू फाडून निसटला, पण त्याचा भाऊ फासावर गेला. १८६३ मध्ये मांगास कोलोरादास हा अपाची नायक पांढऱ्या निशाणावर भरवसा ठेवून आला, त्याला कैदेत मारलं आणि त्याचं डोकं कापून कवटी अभ्यासासाठी पूर्वेकडे धाडली. वीस वर्षांनी त्याच लष्कराचा पगार घेणाऱ्याला हे माहीत नव्हतं असं कसं म्हणता येईल?

परिणाम बघा. क्रुकच्या जागी आलेल्या जनरल माइल्सकडे पाच हजार सैनिक होते, डोंगरमाथ्यांवर आरशांनी संदेश पाठवायची ठाणी होती. समोर बायकामुलं धरून चाळीसपेक्षा कमी माणसं. कित्येक महिने त्या पाच हजारांना एक माणूस धरता आला नाही. मग दोन अपाची वर चढून गेले आणि काम झालं. हेतू काहीही असो, किल्ली त्यांच्या हातात होती आणि ती त्यांनी फिरवली.

गोदातीर
सह्यकडा यांच्याशी सहमत. चाटोचं नाव मूळ लेखात का नाही? तो तर व्हाइट माउंटनवाला नव्हता, जेरोनिमोसारखाच चिरिकाहुआ होता. मार्च १८८३ मध्ये त्याने स्वतः न्यू मेक्सिकोत छापा घातला, न्यायाधीश मॅकोमस आणि त्यांच्या बायकोला मारलं, पोराला पळवलं. वर्ष-दीड वर्षात तोच लष्कराचा सार्जंट झाला आणि कालच्या सोबत्यांचा माग काढू लागला. याला कोणती टोळी आडवी येते?

माळरान
गोदातीर, चाटोवर स्वतंत्र लिहायचं होतं म्हणून थांबलो होतो. त्याची बायको आणि मुलं मेक्सिकन फौजेने धरून मेक्सिकोतल्या चिवावा प्रांतात नेली होती. अमेरिकी सरकारच ती परत मिळवून देईल अशी त्याला आशा होती, आणि त्यासाठी तो क्रुकपासून वॉशिंग्टनपर्यंत सगळ्यांना विनवत राहिला. मी त्याला देवमाणूस म्हणत नाही. पण घरची माणसं परक्याच्या कैदेत असताना त्याच्यापुढे कुठली वाट होती, हे मनात आणून मग बोलावं.

फिनिक्सहून
मी इथे ॲरिझोनात राहतो. सान कार्लोस म्हणजे काय, हे न बघता या वादात उतरता येणार नाही असं मला वाटतं. फिनिक्सहून पूर्वेला ग्लोबच्या पुढे हिला नदीचं सपाट, उघडं पात्र लागतं. मेचा उन्हाळा काय असतो ते विदर्भातल्या लोकांना सांगायला नको. डोंगरात, पाइनच्या सावलीत वाढलेल्या चिरिकाहुआंना १८७६-७७ मध्ये इथे आणून टाकलं. हिवतापाने माणसं मेली. शिध्यात चोरी इतकी होती की १८८२ मध्ये टुसॉनच्या ग्रँड ज्युरीने राखीव जागेचा सरकारी कारभारी, एजंट टिफनी, याच्यावर उघड ताशेरे ओढले. जुनी एजन्सी जिथे होती ती जागा आता कूलिज धरणाच्या पाण्याखाली आहे.

अशा ठिकाणी स्काउट होणं म्हणजे महिन्याला रोख पगार, हातात बंदूक, आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे कुंपणाबाहेर, डोंगरात जायची मोकळीक. तरुण पोरगा दुसरं काय करणार होता? शिवाय हे लोक सरकारचे बांधील गुलाम नव्हते. ३० ऑगस्ट १८८१ ला सिबेक्यू ओढ्यावर लष्कराने नोकायदेलक्लिन्ने नावाच्या देवर्षीला पकडलं, तेव्हा स्काउटांनी बंदुका फिरवल्या आणि सैन्यावरच गोळ्या झाडल्या. त्यातल्या तिघांना पुढच्या मार्चमध्ये फाशी झाली. म्हणजे निष्ठा कुठे ठेवायची हे ते प्रसंगागणिक ठरवत होते.

सह्यकडा
फिनिक्सहून, सिबेक्यूचं उदाहरण तुम्ही दिलंत ते माझ्याच बाजूने जातं. फिरायचं ठरवलं तर फिरता येत होतं! त्या तिघांनी ते करून दाखवलं आणि किंमत मोजली. बाकीच्यांनी नाही केलं. मग पगार, हिवताप, उन्हाळा ही कारणं समजून घ्यायला उपयोगी आहेत, दोष पुसायला नाहीत.

केतकी
तुम्ही सगळे गोरे आणि अपाची या दोनच बाजू धरून बोलताय. मेक्सिकोच्या सोनोरा प्रांतातल्या शेतकऱ्याचं काय? अपाचींचे छापे दोनशे वर्षं मेक्सिकोच्या खेड्यांवर पडत होते. गुरं जायची, माणसं मरायची, पोरं पळवली जायची. त्याचा सूड म्हणून सोनोराने १८३५ मध्ये अपाचींना मारून कापून आणलेल्या टाळूच्या कातड्यावर इनाम लावलं, पाठोपाठ चिवावानेही. क्रौर्याची पातळी दोन्हीकडे भयंकर होती. आणि ३० एप्रिल १८७१ चं, कॅम्प ग्रँट या लष्करी ठाण्याजवळचं हत्याकांड आठवा. एस्किमिंझिनचे अरावायपा अपाची लष्कराच्या आश्रयाला येऊन गवत कापून पोट भरत होते. टुसॉनहून पहाटे आलेल्या जमावाने सव्वाशेच्या वर माणसं मारली, जवळपास सगळ्या बायका आणि लहान मुलं. त्या जमावात गोरे फक्त सहा होते. ४८ मेक्सिकन, आणि ९२ तोहोनो ओओधम, म्हणजे तिथलेच मूळ रहिवासी. खटल्यात ज्युरीने १९ मिनिटांत सगळ्यांना निर्दोष सोडलं.

तिथल्या मूळ रहिवाशांची एकजूट नावाची गोष्ट अस्तित्वातच नव्हती. ती आपण आज, सुरक्षित अंतरावरून, त्यांच्यावर लादतोय. माळरान यांचा मुद्दा मला म्हणूनच पटतो.

सातपुडा
आपल्याकडचा दाखला देतो. १८२५ मध्ये आउटरॅमने खानदेशात भिल्ल पलटण उभी केली, तिचं ठाणं धरणगावला. बंडखोर भिल्लांना भिल्लांकडूनच आवरायचं, हीच युक्ती. त्या पलटणीतल्या शिपायांना आज धुळे-जळगाव भागात कुणी सरसकट गद्दार म्हणत नाही. उपाशी माणसाला पगार आणि मान मिळाला, तो गेला. क्रुकने वेगळं काही केलं नाही.

गोदातीर
सातपुडा, दाखला अर्धाच जुळतो. भिल्ल पलटणीतल्या माणसांना नोकरीच्या शेवटी साहेबाने आगगाडीत कोंडून हजार कोसांवर कैदेत नाही पाठवलं. स्काउटांच्या गोष्टीचा खरा गाभा तिथे आहे आणि अजून इथे कुणी तो मांडलाच नाही.

माळरान
तोच मांडतो. मे १८८५ मध्ये जेरोनिमो फोर्ट अपाचीच्या भागातून पळाला तेव्हा त्याच्याबरोबर दीडशेच्या आत माणसं गेली. त्यातही नाइचे आणि चिवावा या नायकांना त्याने, लष्कराचा लेफ्टनंट डेव्हिस आणि चाटो यांना ठार केलंय, आता राहिलात तर मराल, असं खोटं सांगून बाहेर काढलं. चारशेच्या आसपास चिरिकाहुआ मागेच राहिले. मका पेरत होते, गवत विकत होते. त्यांतले कित्येक पुरुष स्काउट होते.

सप्टेंबर १८८६ मध्ये या चारशे लोकांना, युद्धात नसलेल्यांना, होलब्रुक स्टेशनवर गाडीत भरून फ्लोरिडाच्या फोर्ट मॅरियनला पाठवलं. स्काउटांसकट. चाटो तर त्या उन्हाळ्यात शिष्टमंडळ घेऊन वॉशिंग्टनला गेला होता, तिथे त्याला पदक मिळालं, आणि परतीच्या वाटेवरूनच त्याला फ्लोरिडाकडे वळवलं. कायिता आणि मार्टिनही त्याच कैद्यांत. जेरोनिमोला माइल्सने शब्द दिला होता की थोड्याच दिवसांत बायकामुलं भेटतील. प्रत्यक्षात पुरुष फोर्ट पिकन्सला आणि कुटुंबं दूर फोर्ट मॅरियनला. मुलं उचलून पेनसिल्व्हेनियातल्या कार्लाइलच्या शाळेत. दमट हवेत क्षयाने माणसं मरत राहिली. पुढे अलाबामा, मग १८९४ मध्ये ओक्लाहोमातलं फोर्ट सिल. एकूण २७ वर्षं युद्धकैदी. कैदेत गेले पाचशेच्या आसपास. १९१३ मध्ये सुटका झाली तेव्हा, मधल्या काळात जन्मलेली मुलं धरूनही, उरले होते जेमतेम २६०.

आता सांगा, यात शब्द कोणी मोडला? चाटोने की अमेरिकेच्या सरकारने? सगळा राग स्काउटांवर काढला की खरा दोषी आरामात सुटतो. मला सगळ्यात जास्त बोचतं ते हे.

सह्यकडा
सरकारने विश्वासघात केला, यावर इथे एकाचंही दुमत नाही. त्यासाठी वाद घालायची गरज नाही. पण तुम्ही एक गोष्ट टाळताय. स्काउटांना फितूर आम्ही मराठी लोकांनी नाही ठरवलं. जेरोनिमोचा भाचा आसा डाक्लुगी कैदेत वाढला, कार्लाइलला शिकला, पुढे न्यू मेक्सिकोतल्या मेस्कालेरोला त्याच राखीव जागेत राहिला जिथे म्हातारा चाटो राहत होता. त्याने चाटोला कधीही माफ केलं नाही. १९३४ मध्ये चाटो मोटार अपघातात वारला तोवर त्याच्याशी अंतर ठेवून वागणारे शेजारी होते. त्यांचा राग तुम्ही कोणत्या अधिकाराने खोडून काढणार?

केतकी
सह्यकडा, डाक्लुगी लढणाऱ्यांच्या घरातला. त्याच्याच वयाचा, त्याच कैदेत वाढलेला सॅम केनोईही चिरिकाहुआच. त्याने अगदी उलट सांगून ठेवलंय. त्याच्या मते या सगळ्या वाताहतीला जेरोनिमो जबाबदार. त्या एकाच्या पळापळीपायी घरी बसलेल्या लोकांची आयुष्यं गेली. तेव्हा लोकांनीच ठरवलं म्हणायचं असेल, तर कोणत्या लोकांनी, तेही सांगा. तो वाद त्यांच्या घरात मिटलेला नव्हता.

फिनिक्सहून
आणखी एक. मार्टिन आणि कायिता यांना चाटोच्या माळेत ओवू नये. त्यांचे नातलग त्या तळावर होते. पांढरं निशाण घेऊन ते वर चढले तेव्हा वरून गोळी येईल याची पूर्ण शक्यता होती. त्यांनी कुणावर फौज घातली नाही. तुमची माणसं इथून हलवली जातायत, आता डोंगरात एकटे राहून काय करणार, एवढं सांगायला गेले. मेक्सिकन फौजही त्या टोळीच्या मागावर होती. त्याच जानेवारीत तिच्या गोळीने, जेरोनिमोशी बोलणी चालू असताना, कॅप्टन क्रॉफर्ड मेला होता. खाली उतरले नसते तर त्या चाळिसांतले किती जगले असते?

सह्यकडा
या दोघांपुरतं मी माझ्या यादीतून नाव काढतो. जीव वाचवायला गेलेला माणूस आणि जीव घ्यायला गेलेला माणूस यांत फरक आहे. चाटोचं नाव मात्र ठेवतो. बायकोमुलांसाठी केलं असेल, तरी ज्या घरांचा माग त्याने काढला तिथेही बायकामुलंच होती.

माळरान
ठेवा. पण त्याच यादीत मग लोकोच्या लोकांना ओढून नेणारेही घाला, उल्झानाही घाला. त्यांनी मारलेली आणि मरायला नेलेली माणसंही अपाचीच होती.