लग्नपत्रिकेचं पाकीट रंगीत असावं का?

पेठकर: काल इथं कुणीतरी लिहिलं, "पांढऱ्या पाकिटातली पत्रिका म्हणजे बँकेची नोटीस. मरून नाहीतर गडद निळंच घ्या." वाचून डोकं फिरलं. माझे वडील पोस्टात सॉर्टिंगला होते. मरून पाकिटावर सोनेरी पेननं लिहिलेला पत्ता ट्यूबलाइटखाली तिरका धरून वाचायचे, आणि लग्नसराईत असल्या पाकिटांचा ढीग. मोठ्या शहरांत यंत्र पत्ता वाचतं, पण त्यालाही शाई कागदावर उठून दिसावी लागते. नाही दिसली की पाकीट बाजूला, माणसानं बघेपर्यंत. आजरा ४१६५०५, सावंतवाडी ४१६५१०. पिनकोडचे शेवटचे दोन आकडे लागले नाहीत तर आजऱ्याची पत्रिका आंबोली घाट उतरून कोकणात जाईल. फिकट पाकीट घ्या, काळ्या-निळ्या शाईनं लिहा.

रंकाळावाला: सगळं खापर रंगावर का? बहिणीच्या लग्नात मरूनच पाकिटं होती. पांढऱ्या लेबलांवर पत्ते छापून चिकटवले, पुण्या-मुंबईच्या सगळ्या पोहोचल्या. पाकीट हातात पडल्यावर लग्नघर आठवलं पाहिजे, लाइटबिल नव्हे.

कागलची सून: मुळात पोस्टानं पाठवायचीच कशाला? पहिली पत्रिका अंबाबाईला, मग कुलदैवताला, मग भाऊकीत घरोघरी जाऊन, कुंकू लावून, अक्षता देऊन. आमच्या चुलत दिरांनी पोस्टात टाकली, आणि राहतात चार गल्ल्या पलीकडं! सासरे लग्नाला गेले नाहीत. अजून बोलणं बंद आहे.

शाहूपुरीकर: ताई, जायचं कुणी? मुलगा बंगळूरला नोकरीला, वडिलांचे गुडघे गेलेले. मान मान करता, पण कामाला कोण येतं? आमच्या पत्रिकेत 'आपले नम्र'खाली एका चुलत्यांचं नाव राहिलं, तर भर मांडवात येऊन भांडले. वाढायला मात्र शेजारचीच पोरं होती.

कागलची सून: मांडवात भांडले ते चुकलंच. पण नाव राहतं कसं? पुढाऱ्यांचे फोटो छापायला जागा असते, सख्ख्या चुलत्याला एक ओळ मिळत नाही.

शाहूपुरीकर: आमच्या पत्रिकेत एकाही पुढाऱ्याचं नाव नव्हतं. आणि चुलते सख्खे नाहीत, चुलत. आमच्या घरातलं माहीत नसताना बोलायचं काम नाही.

रंकाळावाला: अहो, विषय पाकिटाचा आहे! एवढी काळजी असेल तर जवळच्यांच्या पत्रिका रजिस्टर करा.

पेठकर: रजिस्टर आता वेगळं राहिलंय कुठं? १ सप्टेंबर २०२५ पासून ते स्पीड पोस्टात गेलं. लेबलाचं म्हणाल तर मोठं, पांढरं, नीट चिकटवलेलं असेल तर मरून चालेल, एवढं मान्य. पण लग्नघरात रात्री बाराला खळ लावून बसवलेली लेबलं पोस्टाच्या थैलीत सुटतात. मग पाकीट उलटं करून बघावं तर मागं गणपती छापलेला, पाठवणाऱ्याचा पत्ता नाही. परत तरी कुणाकडं धाडायचं?

रंकाळावाला: बरं, मागं पत्ता लिहू. रंग बदलणार नाही.

कागलची सून: पुण्या-मुंबईला काय ते पाठवा. भाऊकीत पोस्टानं आलेली पत्रिका आम्ही धरणार नाही, पाकीट पांढरं असो नाहीतर मरून.

शाहूपुरीकर: नका धरू. आमच्या धाकट्याच्या लग्नाच्याही पोस्टानंच जाणार आहेत.