टी४२० वर अन्याय नको

जुन्या लॅपटॉपांच्या या चर्चेत सगळ्यांनी लेनोवोच्या थिंकपॅड एक्स२२० चं कौतुक केलंय, अन् दुसऱ्या थिंकपॅडला, टी४२० ला, ‘जड ठोकळा’ म्हणून वाटेला लावलंय. हे काही पटलं नाही बुवा. दोघंही २०११ चेच, दोघांनाही तोच सात ओळींचा कीबोर्ड, तेच मोठं एस्केप आणि डिलीट. पुढच्याच वर्षी टी४३० ला सहा ओळींचा कीबोर्ड आला आणि ती मजा गेली.

रावेरला आमच्या केळीचा सगळा हिशोब टी४२० वरच व्हायचा. लोडशेडिंगमध्ये पडद्याच्या वरच्या कडेतला बारका दिवा लावला की बटणंच काय, शेजारची वजनाची चिठ्ठीही वाचता यायची! मागची बॅटरी चट्कन निघायची, म्हणून दुसरी चार्ज करून तयार ठेवायचो. डीव्हीडी ड्राइव्ह काढून तिथे दुसरी हार्डडिस्क बसवली, ती वेगळीच चैन. मे महिन्यात मात्र पंखा पिठाच्या गिरणीसारखा घरघरायचा.

एक्स२२० ला आयपीएस पडदा (बाजूने बघितलं तरी रंग नीट दिसणारा) मिळायचा, इथे तो नव्हता, तेवढं मान्य. जुना टी४२० शोधत असाल तर १६००×९०० पिक्सेलच्या पडद्याचाच बघा. १३६६×७६८ मध्ये एक्सेलच्या ओळी फार कमी मावतात.