‘वाइल्ड वेस्ट’चे खेळ आणि सुरुवातीचा माहितीपट

प्रश्न : अमेरिकन खेळ-संयोजक बफेलो बिल कोडी यांचा, अमेरिकेच्या पश्चिम भागातील जीवन रंगवणारा ‘वाइल्ड वेस्ट’ खेळ 1887 साली लंडनला, तर 1889 साली पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनाच्या वेळी तेथे झाला. त्यातील कलावंतांचे जे मूक चित्रण आज उपलब्ध आहे, त्याला माहितीपट म्हणता येईल का?

उत्तर : माझ्या मते अर्धेच म्हणता येईल. सप्टेंबर 1894 मध्ये एडिसन यांच्या न्यू जर्सीतील ‘ब्लॅक मारिया’ या स्टुडिओत, ज्याचे छत उघडून संपूर्ण इमारत सूर्याच्या दिशेने फिरवता येत असे, या खेळातील सू (अमेरिकेतील एक मूलनिवासी समाज) कलावंतांचे नृत्य टिपले गेले. माणसे खरी होती. प्रसंग मात्र कॅमेऱ्यासाठी रचलेला होता. त्यांपैकी एका फितीला ‘घोस्ट डान्स’ (मूलनिवासींच्या एका धार्मिक चळवळीतील विधिनृत्य) हे नाव दिले गेले. प्रत्यक्षात त्या विधीत स्त्री-पुरुष हात धरून वर्तुळात तासन्‌तास नाचत, आणि काही सेकंदांच्या त्या फितीत यातले काहीच दिसत नाही. हे नाव वाचताना मन अस्वस्थ होते, कारण ही चळवळ दडपताना अमेरिकी सैन्याने केलेले सू लोकांचे वूंडेड नी येथील हत्याकांड (29 डिसेंबर 1890) घडून तेव्हा चार वर्षेही झाली नव्हती.

दुसरे उत्तर : सहमत आहे. एक भर घालतो. घोस्ट डान्स चळवळीतील सू नेते किकिंग बेअर आणि शॉर्ट बुल यांना 1891 साली कैदेतून सोडवून कोडी यांच्या खेळाबरोबर युरोपला पाठवण्यात आले. त्यामुळे युरोपातील प्रेक्षकांसमोर जे उभे होते ते केवळ नट नव्हते.

प्रश्नकर्ता : आभारी आहे. आता ती फीत नावावर विसंबून न राहता पुन्हा पाहीन.