मदत हवी आहे: बायकोला शाळेतून काढलं, चौकशी अशी असते का?

उंबरठा
शाळेच्या नोकरीतलं कुणाला नीट कळत असेल तर पटकन सांगा. बायकोला काढून टाकलंय. सोमवारी नेहमीसारखी गेली तर मस्टरवर तिच्या नावापुढे लाल शाईची आडवी रेघ. हेडमास्तर म्हणतात वरून आलंय, माझ्या हातात काही नाही. चौकशी झाली म्हणे. हिला पत्ताच नाही. कोर्टात जायचं तर कुठल्या? आजच उत्तर मिळालं तर बरं, डोकं फिरलंय.

खडूधूळ
जिल्हा परिषदेची शाळा, महापालिकेची की खासगी संस्थेची? अनुदान आहे का? कायम की शिक्षणसेवक? हातात लेखी आदेश आहे का? एवढं तरी लिहा हो.

मिरचीभजी
सरळ लेबर कोर्टात खेचा. माझ्या मेहुण्याला कंपनीने असंच काढलं होतं, दीड वर्षात पैसे मोजून दिले.

खडूधूळ
शिक्षक कायद्याने 'कामगार' नाही, हे सुप्रीम कोर्टाने 1988 मध्येच सांगितलंय. खासगी शाळा असेल तर शाळा न्यायाधिकरण, म्हणजे स्कूल ट्रायब्युनल, अशा नोकरीच्या वादांसाठीचं वेगळं कोर्ट. लेबर कोर्टात गेलात तर महिने फुकट जातील.

मिरचीभजी
त्या शिक्षिका आहेत हे कुणी सांगितलं तुम्हाला? क्लार्क असतील तर?

उंबरठा
शिक्षिकाच आहे, वर लिहिलं नाही का? खासगी, अनुदानित. नववी-दहावीला विज्ञान. अकरा वर्षं झाली, शिक्षण खात्याची मान्यता आहे, पगार शालार्थमधून, म्हणजे सरकारच्या पगार प्रणालीतून येतो. आरोप असा की प्रात्यक्षिकाचे मार्क वाढवून दिले. मुद्द्याचं बोला, काढता येतं का असं?

तुळशीकट्टा
सोडा हो ती नोकरी. विज्ञानाच्या बाईंना घरी क्लास काढला तर श्वास घ्यायला वेळ मिळणार नाही. फक्त बॅचेस संध्याकाळी ठेवा आणि फी आधी घ्या.

निवृत्त_नाना
सोळा वर्षं मुख्याध्यापक होतो, दोन चौकश्यांत बसलोय. खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्राचा वेगळा कायदा आहे, 1977 चा, नियमावली 1981 ची. कायम कर्मचाऱ्याला मस्टरवर रेघ मारून काढता येत नाही. आधी आरोपांचं लेखी विवरण देतात, खुलाशाला सात दिवस. खुलासा पटला नाही तर नियम 36 ची चौकशी समिती. त्यात तिघं: एक संस्थेचा, एक कर्मचाऱ्याने स्वतः सुचवलेला कुठल्याही खासगी शाळेतला कर्मचारी, आणि तिसरा पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतला. मग दोषारोपपत्र, साक्षीदार, उलटतपासणी. हे सगळं साधारण 120 दिवसांत उरकायचं असतं. मॅडमनी आपला प्रतिनिधी कोण दिला होता?

उंबरठा
प्रतिनिधी वगैरे काही नाही. संस्थेची पत्रं यायची, नाव कळवा म्हणून. मीच म्हटलं उत्तर द्यायचं नाही, दिलं की अडकलीस.

निवृत्त_नाना
अरेरे. पंधरा दिवसांत नाव कळवलं नाही तर समिती उरलेल्या दोघांचीच धरली जाते. म्हणजे त्यांनी मॅडमच्या बाजूचं कुणी नसतानाच चौकशी उरकली, आणि ती वाट तुम्हीच मोकळी करून दिलीत.

पायरीवरचा
मी एका छोट्या संस्थेत सचिव आहे. सगळे संस्थाचालक खलनायक नसतात बरं का. आमच्याकडे एका शिक्षकाने सहा महिन्यांत प्रत्येक पाकीट परत पाठवलं आणि नंतर 'मला काही कळवलंच नाही' म्हणून ट्रायब्युनलात रडले. पत्राला उत्तर न देणं हा बचाव नाही.

खडूधूळ
सचिव साहेब, पाकीट परत आलं म्हणून साक्षीदार न तपासता अहवाल लिहायची मुभा मिळत नाही. कर्मचारी गैरहजर असला तरी आरोप सिद्ध करायचं ओझं संस्थेवरच. किती अहवालांत नुसतं 'आरोप सिद्ध झाले' एवढं एकच वाक्य असतं!

पायरीवरचा
आमच्या अहवालात चौदा पानं होती.

मिरचीभजी
चौदा पानं कुणी वाचली?

खडूधूळ
ते राहू दे. उंबरठा, काढल्याचा आदेश कधी हातात आला? तीस दिवसांत अपील असतं.

उंबरठा
पाकीट आलं होतं पण आम्ही घेतलं नाही. सोमवार म्हणजे या सोमवारचं नाही, तीन आठवडे होत आले.

निवृत्त_नाना
तीन आठवडे!! आणि इथे आज विचारताय. पोस्टमनने 'घेण्यास नकार' असा शेरा मारला असेल तर त्या दिवसापासूनच मुदत मोजतील असं धरून चाला. उशीर झाला तर सबळ कारण दाखवून माफी मागता येते, पण त्या भरवशावर राहू नका. उद्याच न्यायाधिकरणाची कामं करणारा वकील गाठा. आज मॅडमनी स्वतः शाळेत जाऊन आदेश, आरोपांचं विवरण आणि चौकशी अहवाल यांच्या प्रती मागायचा अर्ज द्यावा. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या.

झेंडूचं_फूल
पगार थांबतो तोवरचं काय? माझ्या बहिणीला निलंबित केलं होतं तर निर्वाहभत्ता मिळायचा.

खडूधूळ
तो निलंबन काळातला, इथे सेवाच संपवलीय. पण जिंकल्या तर थकीत पगार मिळू शकतो. असंच एका निलंबित करून मग काढलेल्या शिक्षिकेला न्यायाधिकरणाने पूर्ण पगार दिला होता, हायकोर्टाने तो काढला आणि 2013 मध्ये सुप्रीम कोर्टाने परत दिला. महाराष्ट्रातलीच केस.

उंबरठा
हेडमास्तरांचा आत्ता फोन आला. म्हणतात राजीनामा द्या, सगळं मिटवू, सेवापुस्तकात डाग लागणार नाही. टाईप करून ठेवलाय म्हणे, फक्त सही.

निवृत्त_नाना
अजिबात नाही! राजीनामा कर्मचाऱ्याने स्वतः तयार करायचा, दोन प्रती, दोन्हींवर सही नि तारीख, एक रजिस्टर पोस्टाने संस्थेला आणि दुसरी स्वतःकडे. तयार कागदावर सही करून आलेल्यांची नंतर काय ओढाताण होते, ती मी पाहिलीय.

पायरीवरचा
यावर मात्र नानांशी सहमत. आणि त्या फोनची तारीख, वेळ लिहून ठेवा. आदेशात खरंच दम असता तर राजीनामा कशाला मागितला असता?

उंबरठा
अर्ज देऊन आली ती. क्लार्क शिक्का मारायला तयार नव्हता, ही तिथेच बाकावर बसून राहिली. चाळीस मिनिटांनी मारला. आदेशाची प्रत मिळाली, अहवाल नाही. आदेशात लिहिलंय 'समितीच्या दोन्ही सदस्यांचं एकमत'. वकिलाची वेळ उद्या सकाळी अकराची.

निवृत्त_नाना
अहवाल दिला नाही, हे त्याच अर्जाच्या प्रतीवर आजच्या तारखेने लिहून ठेवा. वकिलाला हे सगळ्यात आधी सांगा.

मिरचीभजी
आणि लेबर कोर्टाचंही एकदा विचारून बघा.