वाटाड्यासोबत डोंगरातून, मुक्काम गावात: आपापले अनुभव लिहा

सह्याद्रीतल्या भटकंतीवर मराठीत पोत्यानं लिहिलं जातं. विदर्भातला माणूसही चालतो, पण लिहीत नाही. चहाच्या टपरीवर सांगतो आणि मोकळा होतो. म्हणून हा धागा.

सोबत स्थानिक वाटाड्या हवा आणि रात्रीचा मुक्काम डोंगरातल्या गावात, कुणाच्या तरी घरी. जागा कुठलीही चालेल, मेळघाट असो की परदेशातली पायऱ्यापायऱ्यांची भातशेती. बूट कोणते, बॅग किती लिटरची हे सगळीकडं मिळतं, ते नको. सोबत कोण होतं, त्यानं काय दाखवलं, रात्री ताटात काय पडलं, आपण दिलेल्या पैशातलं त्याच्या हाती किती गेलं, हे सांगा. आपण धान-कापसाच्या मुलखातले लोक, तेव्हा शहरातल्या पाहुण्याच्या नजरेतून सुटेल असं काय दिसलं तेही लिहा. आणखी एक: व्याघ्र प्रकल्पाच्या गाभा क्षेत्रात मनाला येईल तसं पायी हिंडता येत नाही. 'आम्ही गपचूप घुसलो' छापाचे किस्से इथं नकोत.

साकोलीकडची, घरी धानशेती

मी सुरुवात करते. व्हिएतनामच्या उत्तर टोकाला सापा म्हणून गाव आहे, दीड हजार मीटर उंचीवर. हनोईहून रात्रीच्या रेल्वेनं लाओ काय, तिथून घाटानं वर. सापाच्या खाली मुओंग होआ नदीचं खोरं आहे. लाओ चाय, ता वान अशी गावं करत त्या खोऱ्यातून चालायचं. आमची वाटाडी ह्मोंग बाई होती. पाठीवर टोपली, पायात साधे रबरी बूट आणि हात मनगटापर्यंत निळे. घरीच नीळ करून कापड रंगवतात, तो रंग नखांतून जातच नाही. इंग्रजी माझ्यापेक्षा फाडफाड. शाळेत नाही, पाहुण्यांसोबत चालून शिकली म्हणे.

सोबतचे लोक डोंगराचे फोटो काढत होते, मी धुरे, म्हणजे शेताचे बांध, पाहत होते. आमच्याकडं बांधीचा, म्हणजे धानाच्या वाफ्याचा, धुरा एवढा तरी असतो की पऱ्ह्याच्या (रोपांच्या) पेंढ्या डोक्यावर घेऊन बाई त्यावरून सरळ जाते. तिथं काही ठिकाणी एकापुढं एक पाऊल टाकूनच जावं लागतं. एका बाजूला चिखल, दुसऱ्या बाजूला पुरुषभर खाली पुढची बांधी. सगळा खेळ पाण्याचा. वरच्या झऱ्याचं पाणी एका बांधीतून दुसरीत, दुसरीतून तिसरीत उतरत जातं. धुऱ्याला फट पाडतात आणि तिच्यात अर्धा चिरलेला बांबू बसवतात, म्हणजे धार धुऱ्यापासून लांब पडते, माती खात नाही. एका ठिकाणी त्या फटीत गवत-काडी अडकून पाणी तुंबलं होतं. वाटाडी बोलता बोलता वाकली, हातानं गुंता काढला, पाणी सुटलेलं पाहिलं आणि पुढं निघाली. मी विचारलं, तुझं शेत का? नाही म्हणाली, नवऱ्याच्या गावचंही नाही. आमच्याकडं दुसऱ्याच्या बांधीच्या फटीला हात लावला तर पंचायत बसते. म्हणून मला ते जास्त लागलं असावं.

थंडीमुळं तिथं वर्षाला धानाचं एकच पीक. रोवणी मे-जूनमध्ये, कापणी सप्टेंबरात. मी मोबाइलवर आमच्या रोवणीचे फोटो दाखवले. तिनं बोटांनी मोठे करून करून पाहिले आणि पहिला प्रश्न काय, तर बाईला रोज किती देता? मी सांगितला. त्यांच्याकडं आज हिच्या बांधीत, उद्या तिच्या बांधीत असं आळीपाळीनं रोवतात. आमच्याही गावात माझ्या आजीच्या वेळेपर्यंत असंच होतं.

सापा शहरापासून काही बाया आमच्या मागं चालत आल्या होत्या. उतारावर हात देत होत्या, आणि जेवणाच्या जागी पोहोचल्यावर भरतकामाच्या पिशव्या पसरल्या. सोबतचे एक काका चिडले, 'ही फसवणूक आहे.' अहो काका, निसरड्या वाटेवर अर्धा दिवस हाताला धरून आणलं तुम्हाला, ते कोणत्या हिशोबात? मी दोन पिशव्या घेतल्या.

नागभीड

साकोलीवाल्या ताई, भात कसा होता तिथला?

साकोलीकडची

जाडा, थोडा चिकट. ताटात कोबी, डुकराचं मांस, टोफू आणि भाताचीच दारू. मांस न खाणाऱ्यांनी आधी सांगून ठेवावं, करून देतात. पण आमच्या एचएमटी तांदळावर वाढलेल्या तोंडाला दुसऱ्याच दिवशी घर आठवतं.

नागभीड

आठवणारच. एचएमटी आमच्याच तालुक्यातल्या नांदेडचा. दादाजी खोब्रागडे यांनी आपल्या शेतात वेगळ्या दिसलेल्या लोंब्या निवडून, पुन्हा पुन्हा पेरून हे वाण काढलं. नाव मात्र पडलं मनगटावरच्या घड्याळाचं. 2018 साली गेले. इतक्या ताटांत पोहोचलेला माणूस, पण स्वतः गरिबीतच राहिला, हे इकडं सगळ्यांना माहीत आहे. विषयांतर झालं, चालू द्या.

वरुड, जिल्हा अमरावती

तुमी लोक आता पैसे भरून जाता, आमचे आजे-पंजे अनवानी जात होते. नागद्वारची यात्रा! श्रावनात नागपंचमीच्या आसपास पचमढीचं जंगल आठ-दहा दिवस यात्रेसाठी खुलं करतात. सातपुडा व्याघ्र प्रकल्प हाये तो, बाकी साल तिकडं जाता येत नाही. इकडून वरुड, मोर्शी, काटोल, सावनेर, गावोगावचे लोक गाड्या भरून जातात. मंग डोंगर चढा, दरीत उतरा, नाले पार करा, पुन्हा चढा. पाऊस तर अंगावर असतोच. कुठी लोखंडी शिडी, कुठी दोर. पुढं भगत, मांगं आपन. 'एक नमन गौरा पार्वती' म्हनलं का मांगून 'हर बोला हर हर महादेव', आन् चढ कवा सरला ते समजत नाही.

आमचा वाटाड्या म्हंजे गावातलाच एक बुढा. कार्ड नाही, शिट्टी नाही. कोन्ता गोटा हालते आन् कोन्ता नाही हे त्याले पाठ. नव्या पोराले तो आपल्या मांगंच ठेवते, पुढं जाऊच देत नाही. मंडळायचे भंडारे असतात, जंगलात गरम पुरी-भाजी फुकट, तेबी आग्रह करकरून. पैशाचा सवालच नाही. एक मात्र बोलतो. पह्यले द्रोन-पत्रावळी पानाच्या होत्या, सडून जायच्या. आता प्लास्टिकचे ग्लास अन् पन्न्या नाल्यात दिसतात. देवाच्या नावानं जाता ना बाप्पा, मंग खिशात घालून वापस आना.

अकोला, बँकेतून निवृत्त

वरुडच्या भाऊंनी आमच्या लहानपणीची यात्रा समोर उभी केली. आता माझं.

नेपाळमध्ये अन्नपूर्णा संरक्षण क्षेत्रातलं घांद्रुक, सुमारे दोन हजार मीटरवरचं गुरुंगांचं गाव. मोदी नदीच्या खोऱ्यातून दगडी पायऱ्यांनी चढत जायचं. खालच्या अंगाला भात, वर मका आणि नाचणी, प्रत्येक घराच्या कडेला कणसांच्या माळा वाळत घातलेल्या. साठीनंतर चढाचं काही वाटत नाही, दम घेत घेत चढतो माणूस. गुडघे काढतो तो उतार. तरुण वाटाड्यानं ते पहिल्याच दिवशी ओळखलं आणि माझी पिशवी न विचारता स्वतःच्या खांद्यावर टाकली.

मुक्काम त्याच्याच घरी होता. त्याचे वडील भारतीय सैन्यातल्या गोरखा पलटणीतून निवृत्त. पोखऱ्याला भारतीय सैन्याचं पेन्शन कार्यालय आहे, तिथून त्यांचं निवृत्तिवेतन येतं. मी महाराष्ट्राचा म्हटल्यावर म्हाताऱ्यानं विचारलं, 'कौनसा ज़िला?' अकोला म्हटलं तर हसायलाच लागला. कामठीला काही काळ होता म्हणे, आणि जाता-येता मे महिन्यात अकोला स्टेशनवर गाडी थांबली की खिडकीला हात लागत नसे. मग रात्रभर उन्हाळा हाच विषय. मी आयुष्यभर पेन्शनचे कागद तपासले, त्यामुळं त्यानं ट्रंकेतून सगळे कागद काढून माझ्यापुढं ठेवले. आम्ही दोघं चुलीजवळ बसून फरकाची रक्कम काढत होतो आणि बाहेर आमच्या सौ. एकट्याच अन्नपूर्णा शिखर पाहत होत्या. त्याबद्दल अजून ऐकून घेतो.

जेवायला दाळ-भात, हवा तेवढा वाढून घ्या. पैसे वाटाड्याला थेट दिले, घरमुक्कामाचे त्याच्या आईच्या हाती. मधे कुणीच नव्हतं, हे त्यातलं मला सगळ्यात आवडलं.

पुसद

माझा अनुभव वाईट, थोडक्यात सांगतो. पावसाळ्यातली सहल एका शहरी कंपनीमार्फत घेतली. पत्रकात 'स्थानिक मार्गदर्शक' लिहिलं होतं. प्रत्यक्षात आलेला मुलगा आमच्याइतकाच नवा, मोबाइलच्या नकाशावर चालणारा. नाला फुगला तेव्हा थांबायचं की उतरायचं हे त्याला ठरवता येईना. शेवटी गुरं घेऊन चाललेल्या एका बाईनं ओरडून वरच्या अंगाचा उथळ उतार दाखवला. तेव्हापासून मी पैसे भरायच्या आधी एकच विचारतो: वाटाड्याचं घर वाटेवरच्या कोणत्या गावात आहे? उत्तर गोलगोल आलं की विषय संपला.

मेळघाट, मी स्वतः वाटाड्या आहे

मराठी माझी तिसरी भाषा, घरी कोरकू आणि बाजारात हिंदी. चुकलं तर सांभाळून घ्या.

मी चिखलदऱ्याच्या खालच्या बाजूला, गाभ्याच्या बाहेर, ठरलेल्या वाटांवर लोकांना नेतो. मुक्काम आमच्याच घरी. कोरकूंची घरं रस्त्याच्या दोन्ही बाजूंना समोरासमोर, ओळीत असतात. पाहुणे ओसरीत झोपतात, त्यामुळं गावाला ते दिसतात आणि पाहुण्यांना गाव. काहींना एकांत पाहिजे असतो, त्यांनी चिखलदऱ्याला हॉटेलात राहावं.

पहिला प्रश्न ठरलेला: वाघ दिसेल का? मी म्हणतो, पायी चालताना न दिसलेला बरा. दुसऱ्या प्रश्नाचा राग येतो: 'कुपोषणवालं गाव कोणतं?' आमचं पोर काय पॉइंट आहे का, दाखवायला? आजारी आहे तिथं डॉक्टर पाहिजे, कॅमेरा नाही. खिशातून चॉकलेट काढून पोरांना रांगेत उभं करू नका. द्यायचंच असेल तर शाळेत मास्तरांना विचारून वह्या द्या.

जेवणात माझी आई कुटकीचा भात करते. लोक नावाजून खातात, पण त्यामागचं कुणी विचारत नाही. कुटकीचा दाणा मोहरीसारखा बारीक, वरचं साल काढायला कांडावं लागतं, मग पाखडायचं, उरलं की पुन्हा कांडायचं. चार माणसांच्या भातात आईची दुपार जाते. म्हणून किती जण येणार ते दोन दिवस आधी कळवा. आठ सांगून चौदा येतात, मग रात्री शेजारी मागायला जावं लागतं. एकदा नागपूरच्या एक बाई आल्या होत्या. मुसळ हातात घेतलं, दहा-बारा घाव घातले आणि खाली बसल्या. रात्री ताटात एक शीत ठेवलं नाही त्यांनी.

पैशाचं सरळ सांगतो. गाडीवाला सांगेल ते देतात, हॉटेलवाल्याला देतात, आमच्यापाशी आल्यावर पन्नास रुपयांवर अडतात. शहरातल्या एका आयोजकाकडं माझे मागच्या हंगामाचे पैसे अजून बाकी आहेत. आता मी अर्धे आधी घेतो.

अर्जुनी मोरगाव, शिक्षक

आमच्याकडं मोठे डोंगर नाहीत, पण पाणी आहे. नवेगावबांधचा तलाव डोंगरांच्या मधोमध आहे, त्यांना सात बहिणी म्हणतात. तलाव बांधल्याचं श्रेय कोलू पाटील कोहळी यांना देतात, आणि त्यांचंच ठाणं कोलासूर देव म्हणून एका डोंगरावर आहे. तलाव बांधणारा माणूस देव झाला, हे मुलांना सांगायला मला फार आवडतं. नववीच्या मुलांना आम्ही मामा (माजी मालगुजारी) तलावांच्या पाळींवरून गावोगाव नेलं. सोबत तलावाचं पाणी वाटण्याचं काम केलेले एक आजोबा होते. कोणत्या बांधीला कधी पाणी सुटायचं, वरच्या वाटेकऱ्यानं जास्त घेतलं तर रात्री कंदील घेऊन कोण जायचं, सगळं सांगत होते. मुलांची कुजबूज थांबली ती भांडणाच्या गोष्टींवर. शाळेच्या फळ्यावर हा धडा मी कितीदा शिकवला असेन, पण मुलांनी त्या दिवशी विचारलेले प्रश्न वर्गात कधी आले नव्हते. ज्यांना जायचंय त्यांनी रोवणीत, जुलै-ऑगस्टमध्ये या, फक्त धुऱ्यावरून चालताना रोवलेल्या बाजूला पाय घसरू देऊ नका. बाया सोडत नाहीत.

दिग्रस

मेळघाटच्या दादांना विचारायचं होतं. मी आणि माझी कॉलेजातली मुलगी, दोघीच येणार. संडास-न्हाणीची काय सोय? आणि महिना कोणता बरा?

मेळघाट, वाटाड्या

ताई, संडास घरामागं आहे, न्हाणीला आडोसा आणि दार दोन्ही आहे. पाणी विहिरीवरून आणतो, एक-दोन बादल्या मिळतील, गरम पाहिजे तर आईला सांगा. दोघीच असलात तर माझी बहीण वाटेत सोबत येते, तिचे पैसे वेगळे. पॅड टाकायला कागदी पिशव्या आणा आणि परत घेऊन जा, आमच्याकडं कचऱ्याची गाडी येत नाही. दिवाळीनंतर ते फेब्रुवारीपर्यंत या, रात्री थंडी असते, एक चादर आपली आणा. मार्चपासून मी कुणाला घेत नाही. विहीर खाली जाते आणि घरचे सगळे पहाटेपासून मोहफुलं वेचायला, मग मे महिन्यात तेंदूपानाला जातात. घरी भात घालायला कुणी नसतं.