दोषारोपपत्र दाखल झालं, पण अण्णांच्या अंगठ्याचा तपासच नाही

माणदेशची लेक:
नमस्कार मंडळी. १९८७ च्या दिवाळीत कडबा कुट्टीत सापडून आमच्या अण्णांच्या डाव्या अंगठ्याचं वरचं पेर गेलं. मी तेव्हा सातवीत. धोतराच्या फडक्यात हात गुंडाळून त्यांना गाडीतून दवाखान्यात नेलेलं लख्ख आठवतं. आणि १९९९ च्या खरेदीखतावर त्यांच्या नावापुढे डाव्या अंगठ्याचा पूर्ण ठसा आहे! टोकापर्यंत रेषा दिसतात.

विहिरीकाठची २ एकर १० गुंठे जमीन. अण्णा २००४ ला गेले. खत इतकी वर्षं दडवून ठेवलं होतं. २०२१ मध्ये चुलतभावाने फेरफारासाठी तलाठ्याकडे दिलं, तेव्हा आम्हाला नोटीस आली. २०२३ मध्ये गुन्हा नोंद झाला, भारतीय दंड संहितेच्या ४२०, ४६७, ४६८, ४७१ खाली, म्हणजे फसवणूक आणि बनावट दस्त. जानेवारी २०२४ मध्ये दोषारोपपत्र. आरोपी एकटा चुलतभाऊ. दुय्यम निबंधकाकडचं अंगठ्यांचं रजिस्टर जप्त केलं नाही, ठसा तज्ज्ञाकडे पाठवला नाही. 'लिहून देणाऱ्यास ओळखतो' म्हणून सही ठोकणाऱ्या दोघांचा साधा जबाबही नाही. मग अण्णा म्हणून उभा कोण राहिला होता? तपास अधिकारी म्हणतात, "ताई, मॅटर दिवाणी आहे." दिवाणी दावा लावलेलाच आहे हो.

वकिलांनी कोर्टात फेरतपासाचा अर्ज दिलाय. सरकारी वकील म्हणाले, तो अधिकार या कोर्टाला नाही. अर्ज प्रलंबित आहे, आणि पुढच्या महिन्यात आरोप निश्चितीची तारीख. काही मार्ग आहे का?

वकिली २२ वर्षं:
ताई, घोडं 'फेरतपास' या शब्दावर अडलंय. झालेला तपास पुसून पहिल्यापासून करा, असा आदेश उच्च किंवा सर्वोच्च न्यायालय देतं. तुम्हाला हवाय तो 'अधिक तपास', म्हणजे आहे त्यात राहिलेलं भरून काढणं. दोषारोपपत्र १ जुलै २०२४ च्या, म्हणजे नवी संहिता लागू होण्याच्या आधीचं, म्हणून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १७३(८) लागेल, नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १९३(९) नाही. विनुभाई मालवीय विरुद्ध गुजरात राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा २०१९ चा निकाल जोडा. तोही सुरतकडच्या जमिनीतूनच उठलेला वाद. कोर्टाने दोषारोपपत्राची दखल घेतल्यावरही आरोप निश्चित होईपर्यंत मॅजिस्ट्रेट अधिक तपासाचा आदेश देऊ शकतात, असं त्यात स्पष्ट म्हटलंय. म्हणून तारखेच्या आत अर्ज दुरुस्त करून घ्या. 'तपास नीट झाला नाही' एवढ्यावर कोर्ट हलत नाही. कोणतं रजिस्टर, कोणता ठसा, कोणते दोघे, हे एकेक लिहा. आरोप निश्चित झाले तरी पुराव्यात नावं आली तर त्याच जुन्या संहितेच्या कलम ३१९ खाली त्या दोघांना आरोपी करता येतं, पण तो लांबचा रस्ता.

कृष्णाकाठ:
आमच्याकडं असंच झालं होतं. तज्ज्ञ पहिल्यांदा विचारतो, तुलनेला माणसाचा खरा ठसा कुठाय? माणूस वारलेला, मग जुना कागदच शोधावा लागतो. आम्हाला आजोबांचा सोसायटीच्या कर्जाच्या फाईलमध्ये सापडला. आणि दाव्याची लिस पेंडन्स नोटीस, म्हणजे या जमिनीवर दावा चालू आहे अशी नोटीस, नोंदवली का? नसेल तर आधी ते करा, नाहीतर भाऊबंद मधल्या मध्ये जमीन तिसऱ्याला विकून मोकळे होतील.

माणदेशची लेक:
लिस पेंडन्स नोंदवली आहे, दादा. वकीलसाहेब, तुमचं वाचून काल रात्री आईची पत्र्याची पेटी उपसली. मोटारीच्या कर्जासाठी केलेलं १९९४ चं नोंदणीकृत गहाणखत मिळालं. अण्णांच्या सहीशेजारी अंगठा आहे आणि त्याखाली कारकुनाच्या बारीक अक्षरात, 'डावा अंगठा तुटलेला असल्याने उजवा घेतला.' त्याच कचेरीतलं, पाच वर्षं आधीचं! आई त्या ओळीवर बोट ठेवून कितीतरी वेळ बसली होती.

वकिली २२ वर्षं:
याहून काय हवं! त्याची प्रमाणित नक्कल काढून अर्जाला जोडा. मूळ कागद पोलिसांकडे द्यावा लागला तर पंचनामा आणि पोच घेतल्याशिवाय हातातून सोडू नका. कुट्टीच्या वेळचा दवाखान्याचा कागद किंवा तेव्हाचं कुणी हयात असेल तर त्यांचंही नाव अर्जात टाका.

माणदेशची लेक:
गाडी हाकणारे गणूमामा आहेत अजून, ८१ वर्षांचे. सोमवारी नकलेचा अर्ज देते आणि तशीच त्यांच्याकडे जाते.